मत्स्यपेटीतील माशांचे नेत्रविकार : कारणे आणि औषधोपचार

शाळेचे दालन, दवाखान्याची प्रतीक्षाखोली किंवा कार्यालयाचा दर्शनी भाग येथे ठेवलेली मत्स्यपेटी ही आता नवलाईची गोष्ट राहिलेली नाही. मुंबईच्या मरीन ड्राइव्हवर १९५१ साली तारापोरवाला मत्स्यालय सुरू झाले, त्या काळी रंगीत मासे पाहणे हा शहरी माणसालाही दुर्मीळ अनुभव होता. पुढे तालुक्याच्या गावीही गोल्डफिश, गप्पी, मोली, एंजल अशा जातींचे मासे मिळू लागले. शोभिवंत माशांची पैदास हा परसातील जोडधंदा होऊ शकतो, हेही ध्यानात आले. केंद्र शासनाने २०२० साली सुरू केलेल्या प्रधानमंत्री मत्स्यसंपदा योजनेत अशा परसातील केंद्रासाठी ३ लाख रुपये प्रकल्पखर्च धरण्यात आला होता. त्यावर सर्वसाधारण लाभार्थ्यांना ४० टक्के, तर महिला व अनुसूचित जाती-जमातींच्या लाभार्थ्यांना ६० टक्के साहाय्याची तरतूद होती.

हा छंद आणि हा धंदा वाढत असताना माशांच्या रोगांविषयीची माहिती मात्र त्या प्रमाणात पसरलेली नाही. माशाचा डोळा दुधाळ झाला किंवा खोबणीतून बाहेर आला, की औषधाच्या दुकानातून माणसांसाठीची एखादी कॅप्सूल आणून ती पेटीच्या पाण्यात रिकामी केली जाते. यातून मासा बरा होतोच असे नाही. उलट पेटीतील निरोगी मासेही दगावण्याचा धोका उत्पन्न होतो, आणि ज्या औषधांवर माणसाचे आरोग्य अवलंबून आहे त्या औषधांचा प्रभाव कमी होण्यास हातभार लागतो. म्हणून या नेत्रविकारांची कारणे आणि त्यांवरील उपचाराचा योग्य क्रम समजून घेणे आवश्यक आहे.

माशाच्या डोळ्याची रचना

बहुतेक माशांना पापण्या नसतात. त्यामुळे डोळ्याच्या पुढील भागावरचा पारदर्शक पडदा, म्हणजे स्वच्छमंडल, अहोरात्र पाण्याच्या संपर्कात असतो. श्लेष्माचा पातळ थर एवढेच काय ते त्याचे संरक्षण. पाणी दूषित झाले, की त्याचा परिणाम माशाच्या कल्ल्यांवर जसा होतो तसाच या पडद्यावरही होतो. जाळीचा, दगडाच्या धारेचा किंवा दुसऱ्या माशाच्या चाव्याचा ओरखडा उठला, तर पाण्यातील सूक्ष्मजंतूंना आत शिरण्यास वाट मिळते.

माशाच्या डोळ्यातील भिंग माणसाच्या भिंगासारखे चपटे नसून गोलाकार असते. बऱ्याच माशांत डोळ्याच्या मागील भागात रक्तवाहिन्यांचे दाट जाळे असते व ते दृष्टिपटलाला भरपूर प्राणवायू पुरविते. या भागात किंवा त्यामागील खोबणीत द्रव साचला, की डोळा पुढे ढकलला जातो. शरीरात अन्यत्र, विशेषतः मूत्रपिंडात, बिघाड झाला तरी त्याची खूण अनेकदा प्रथम डोळ्यावर दिसते, ती याच कारणाने.

लक्षणे आणि त्यांचा अर्थ

दोन लक्षणे वारंवार आढळतात. पहिले म्हणजे डोळ्यावर पांढुरकी साय धरल्यासारखी दिसणे. दुसरे म्हणजे डोळा फुगून बाहेर येणे. कधी कधी डोळ्यात रक्त उतरलेले दिसते, आणि रोग बळावला तर डोळा फुटून गळूनही पडतो.

ही लक्षणे एका डोळ्यात आहेत की दोन्ही डोळ्यांत, हे सर्वप्रथम पाहावे. एकाच माशाचा एकच डोळा बिघडला असेल, तर बहुधा इजा हे मूळ कारण असते. एकाच माशाचे दोन्ही डोळे फुगले असतील, तर जंतुसंसर्ग रक्तावाटे सर्व शरीरात पसरला असण्याचा किंवा मूत्रपिंडाचे कार्य बिघडले असण्याचा संभव अधिक असतो. अशा माशाचे पोट फुगणे व खवले उभे राहणे ही लक्षणे सोबत असतील, तर रोग गंभीर समजावा. पेटीतील अनेक माशांचे डोळे एकाच सुमारास धूसर झाले असतील, तर औषधाकडे वळण्यापूर्वी पाण्याकडे संशयाने पाहावे.

प्रत्येक धूसर डोळा जंतुसंसर्गाचाच असतो असेही नाही. पडदा स्वच्छ असून आतील भिंगच पांढरे झाले असेल, तर तो मोतीबिंदू होय. तो सदोष आहाराने होऊ शकतो, किंवा डोळ्यात शिरणाऱ्या काही चपट्या कृमींमुळेही होतो. प्रतिजैविकाने तो जात नाही. डोळ्यात हवेचे बुडबुडे दिसले, तर पाण्यात वायू प्रमाणाबाहेर विरघळला असावा. पंपाच्या ओढनळीतील गळतीमुळे किंवा थंड पाणी एकदम तापविल्यामुळे असे घडते. शिवाय गोल्डफिशच्या काही जातींचे डोळे जन्मतःच बाहेर आलेले असतात. ‘टेलिस्कोप’ किंवा ‘ब्लॅक मूर’ या जातींच्या माशाला रोगी समजून औषध देणे हे अज्ञानाचे लक्षण ठरेल.

जंतू आणि त्यांना मिळणारा वाव

गोड्या पाण्यातील माशांच्या नेत्रविकारांत एरोमोनास व स्यूडोमोनास या गटांतील सूक्ष्मजंतू वारंवार आढळतात. खाऱ्या पाण्यात व्हिब्रिओ गटाचे जंतू महत्त्वाचे ठरतात. स्ट्रेप्टोकॉकस गटाचे काही जंतू मेंदू व डोळे यांवर हल्ला करतात आणि अशा माशांचे डोळे बाहेर येऊन ते गोलगोल पोहू लागतात. क्षयाच्या जंतूंच्या कुळातील मायकोबॅक्टेरियम गटाचे जंतू दीर्घकाळ रेंगाळणारा रोग उत्पन्न करतात. अमेरिकेतील फिलाडेल्फिया येथील मत्स्यालयात मेलेल्या समुद्री माशांमध्ये सापडलेल्या अशा जंतूचे वर्णन १९२६ साली प्रसिद्ध झाले. ‘मायकोबॅक्टेरियम मरिनम’ या नावाने ओळखला जाणारा हा जंतू माणसाच्या हातावरील जखमेतून शिरून त्वचारोग उत्पन्न करू शकतो. हातावर जखम असताना पेटीत हात घालू नये, हा नियम शाळेतील मत्स्यपेटीजवळ लिहून ठेवावा इतका महत्त्वाचा आहे.

यांपैकी एरोमोनास व स्यूडोमोनास हे जंतू निरोगी पेटीतही असतातच. माशाची प्रतिकारशक्ती शाबूत असेपर्यंत ते अपाय करीत नाहीत. ती शक्ती खालावण्याची कारणे मात्र माणसाने निर्माण केलेली असतात. माशांची दाटी, उरलेले अन्न, न बदललेले पाणी आणि तापमानातील एकाएकी होणारे चढउतार ही त्यांतील प्रमुख होत.

मासे कल्ल्यांवाटे अमोनिया बाहेर टाकतात, आणि कुजणाऱ्या अन्नातूनही तो निर्माण होतो. गाळणीत व वाळूत वाढणारे उपकारक जंतू त्याचे प्रथम नायट्राइटमध्ये व नंतर तुलनेने निरुपद्रवी नायट्रेटमध्ये रूपांतर करतात. नव्या पेटीत हे जंतू पुरेसे वाढलेले नसतात. त्यासाठी काही आठवडे जावे लागतात. तेवढ्या काळात भरपूर मासे सोडले, तर अमोनिया साचतो आणि माशांच्या कल्ल्यांना व डोळ्यांना इजा करतो. पाणी जितके अल्कधर्मी व उष्ण, तितका अमोनिया अधिक विषारी ठरतो. लहान गोल भांड्यात गोल्डफिश ठेवण्याची पद्धत या दृष्टीने अत्यंत गैर आहे.

पहिला उपचार पाण्याचा

डोळा धूसर दिसताच पाण्याची तपासणी करावी. त्यासाठी शोभिवंत माशांच्या दुकानांत साधे परीक्षण-संच मिळतात. अमोनिया व नायट्राइट यांचे प्रमाण शून्य असले पाहिजे. तपासणीची सोय नसेल, तर पाणी दूषित आहे असे गृहीत धरून चालावे.

पेटीतील ३० टक्के पाणी काढून तेवढेच ताजे, त्याच तापमानाचे पाणी घालावे. हा क्रम लागोपाठ तीन दिवस चालविल्यास मूळ पाण्यापैकी सुमारे एक-तृतीयांशच शिल्लक राहते. सर्व पाणी एकदम बदलू नये, कारण अचानक झालेला बदल आजारी माशाला सोसत नाही. या काळात खाद्य निम्म्यावर आणावे व तळाचा गाळ नळीने काढून टाकावा.

नव्या पाण्याविषयी एक दक्षता घेतली पाहिजे. ग्रामपंचायतीच्या विहिरीत किंवा टाकीत टीसीएल पावडर टाकली जाते. त्यातील क्लोरीन माणसाला रोगापासून वाचवितो, पण माशांच्या कल्ल्यांना तो घातक असतो. असे पाणी उघड्या भांड्यात चोवीस तास ठेवून किंवा हवेचा पंप लावून मगच वापरावे. सोडियम थायोसल्फेटचे स्फटिक हाही क्लोरीन नाहीसा करण्याचा खात्रीचा उपाय आहे.

एका डोळ्याला झालेली साधी इजा अनेकदा केवळ स्वच्छ पाण्यानेच बरी होते. म्हणून मासा खात-पीत असेल व रोग वाढत नसेल, तर पहिले तीन-चार दिवस पाण्याखेरीज दुसरा उपचार करू नये.

वेगळे भांडे आणि मीठ

आजारी माशाला वेगळ्या भांड्यात ठेवणे फार हिताचे असते. वीस लिटर पाणी मावेल अशी स्वच्छ प्लॅस्टिकची टाकी, हवेचा पंप आणि आडोशासाठी मातीच्या कुंडीचा गुळगुळीत तुकडा एवढे साहित्य पुरे होते. यामुळे अन्य माशांना संसर्ग टळतो, औषध कमी लागते आणि मुख्य पेटीतील उपकारक जंतू औषधाने मरत नाहीत. छोट्या भांड्यात अमोनिया लवकर साचतो, म्हणून तेथील पाणी दररोज अंशतः बदलावे.

या भांड्यात दर लिटरला १ ते ३ ग्रॅम जाडे मीठ, म्हणजे वीस लिटरला २० ते ६० ग्रॅम, वेगळ्या पाण्यात विरघळवून दिवसभरात तीन हप्त्यांनी घालावे. गोड्या पाण्यातील माशाच्या शरीरात बाहेरचे पाणी सतत शिरत असते व ते मूत्रपिंडांना बाहेर टाकावे लागते. पाण्यात थोडे मीठ असले, की हा भार हलका होतो. गोल्डफिश, गप्पी व मोली यांना एवढे मीठ सोसते. कॅटफिशच्या काही जातींना व पाणवनस्पतींना ते सोसत नाही. डोळा फुगला असेल, तर अनुभवी मत्स्यपालक वीस लिटरला चहाचा एक चमचा या प्रमाणात एप्सम मीठ, म्हणजे मॅग्नेशियम सल्फेट, वापरतात. साचलेला द्रव उतरण्यास त्याची मदत होते, परंतु जंतू मारण्याचे सामर्थ्य त्यात नाही.

प्रतिजैविके केव्हा व कोणती?

पाणी सुधारूनही धूसरपणा वाढत असेल, दोन्ही डोळे फुगले असतील, डोळ्यात पू किंवा रक्त दिसत असेल, अथवा माशाने खाणे सोडले असेल, तर प्रतिजैविकाचा विचार करावा लागतो. ही औषधे पशुवैद्यकाच्या सल्ल्यानेच द्यावयाची असतात. भारतात ती डॉक्टरांच्या चिठ्ठीवरच विकण्याचा नियम आहे. अशा औषधांच्या वेष्टनावरील उभी लाल रेघ हीच सूचना देते, आणि तिचा अर्थ लोकांना कळावा म्हणून केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने २०१६ साली मोहीम हाती घेतली होती.

औषध कोणते हे जंतूच्या प्रकारावर ठरते. एरिथ्रोमायसिन हे मुख्यतः स्ट्रेप्टोकॉकससारख्या जंतूंवर चालते. एरोमोनास व स्यूडोमोनास यांवर त्याचा उपयोग होत नाही. या दुसऱ्या प्रकारच्या जंतूंसाठी कानामायसिन किंवा ऑक्सिटेट्रासायक्लिन यांचा विचार केला जातो. कानामायसिन पाण्यातून माशाच्या शरीरात काही प्रमाणात शोषले जाते. त्याची मात्रा दर लिटरला ५० ते १०० मिलिग्रॅम असून, पाणी बदलून दर तिसऱ्या दिवशी याप्रमाणे ती तीन वेळा देतात. ऑक्सिटेट्रासायक्लिनची गोष्ट वेगळी आहे. जड पाण्यातील कॅल्शियम व मॅग्नेशियम त्याला बांधून ठेवतात, त्यामुळे ते माशाच्या शरीरात फारसे पोहोचत नाही. आपल्याकडील बहुतेक विहिरींचे व कूपनलिकांचे पाणी जड असते, हे येथे लक्षात ठेवले पाहिजे. म्हणून मासा खात असेल तर हे औषध खाद्यातून देणे श्रेयस्कर ठरते. मायकोबॅक्टेरियमचा रोग मात्र पेटीतील औषधोपचाराने सहसा बरा होत नाही.

मिथिलीन ब्ल्यू हे निळे औषध बुरशीवर उपयोगी पडते, परंतु डोळ्यामागे पसरलेल्या जंतुसंसर्गावर ते पुरे पडत नाही.

मात्रेचे गणित

बहुतेक चुका मात्रेच्या हिशेबात होतात. ६० सेंटिमीटर लांब, ३० रुंद व ३० उंच अशा पेटीचे घनफळ ५४ लिटर भरते. पण पाणी २५ सेंटिमीटरपर्यंतच भरलेले असेल, तर ते ४५ लिटर होते. वाळू व दगडांनी ५ लिटर जागा व्यापली असेल, तर प्रत्यक्ष पाणी ४० लिटरच राहते. ५४ लिटर धरून औषध घातले, तर ते ३५ टक्के जास्त पडते.

आता कॅप्सूलचा हिशेब पाहू. ऑक्सिटेट्रासायक्लिन पाण्यातून द्यावयाचे झाल्यास दर लिटरला २० ते १०० मिलिग्रॅम लागते. २५० मिलिग्रॅमची एक कॅप्सूल ४० लिटर पाण्यात टाकली, तर दर लिटरला जेमतेम ६ मिलिग्रॅम पडतात. म्हणजे ही मात्रा जंतू मारण्यास अपुरी, पण त्यांना औषधाची सवय लावण्यास पुरेशी ठरते. हेच औषध खाद्यातून देताना माशाच्या दर किलो वजनाला रोज ५५ ते ८३ मिलिग्रॅम याप्रमाणे दहा दिवस देतात. प्रत्येकी ५० ग्रॅम वजनाचे पाच गोल्डफिश असतील, तर एकूण वजन पाव किलो होते व रोज सुमारे १४ ते २१ मिलिग्रॅम औषध लागते. दहा दिवसांचे मिळून १४० ते २१० मिलिग्रॅम होतात. पाण्यात वाया गेलेल्या त्या एकाच कॅप्सूलमध्ये पाचही माशांचा संपूर्ण उपचार झाला असता! इतके सूक्ष्म वजन घरच्या तराजूवर होत नाही, म्हणून औषध औषधविक्रेत्याकडून तोलून घ्यावे व थोड्या खाद्यतेलात कालवून दाणेदार खाद्यावर चढवावे.

उपचार चालू असताना गाळणीतील कोळसा काढून ठेवावा, नाही तर तो औषध शोषून घेतो. हवेचा पंप अखंड चालू ठेवावा. सुधारणा दिसली तरी ठरलेले दिवस पूर्ण होईपर्यंत औषध थांबवू नये. डोळ्याची सूज उतरण्यास जंतू मेल्यानंतरही कित्येक दिवस, प्रसंगी आठवडे लागतात. सूज दिसते म्हणून औषधावर औषध बदलत राहणे हानिकारक होय.

केवळ माशापुरता प्रश्न नव्हे

अपुऱ्या मात्रेने जंतू औषधाला दाद देईनासे होतात, असा इशारा पेनिसिलिनचे जनक अलेक्झांडर फ्लेमिंग यांनी १९४५ साली नोबेल पारितोषिकाच्या व्याख्यानात दिला होता. शोभिवंत माशांच्या क्षेत्रात त्याचा प्रत्यय आला आहे. ब्रिटनमधील संशोधकांनी २००९ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात शोभिवंत मासे व त्यांच्या वाहतुकीचे पाणी यांतील अनेक जंतू एकाहून अधिक प्रतिजैविकांना दाद देत नसल्याचे दिसून आले. जंतू हा गुण दुसऱ्या जातीच्या जंतूंनाही देऊ शकतात. पेटीतील पाणी गटारात, गटाराचे पाणी ओढ्यात आणि ओढ्याचे पाणी विहिरीत, असा प्रवास आपल्या गावांत नित्य घडतो.

या कारणास्तव औषध घातलेले पाणी विहीर, तलाव किंवा ओढ्यात कदापि ओतू नये. त्यात एक-दोन दिवस सक्रिय कोळसा ठेवून मगच ते पिण्याच्या पाण्यापासून दूर विसर्जित करावे. मेलेला मासा चुना टाकून खोल पुरावा. डासांच्या निर्मूलनासाठी गावोगाव गप्पी मासे सोडले जातात. परंतु पेटीतील आजारी किंवा नकोसे झालेले मासे या साठ्यांत सोडणे सर्वथा वर्ज्य मानावे. त्यामुळे रोग पसरतो, आणि परदेशी जाती स्थानिक माशांच्या मुळावर येतात.

शोभेच्या माशांसाठीचे औषध खाण्याच्या माशांना देणे हाही गंभीर गुन्हा आहे. क्लोरॅम्फेनिकॉल व नायट्रोफ्युरान गटातील औषधांना खाद्यमत्स्य-संवर्धनात भारतात मनाई आहे. माणसाच्या उपचारातील अखेरचे शस्त्र मानल्या जाणाऱ्या कोलिस्टिनवर पशुपालन व मत्स्यपालनासाठी २०१९ साली केंद्र शासनाने बंदी घातली. ज्या केंद्रात दोन्ही प्रकारचे मासे वाढविले जातात, तेथे औषधे, जाळ्या व भांडी वेगळी ठेवली पाहिजेत.

प्रतिबंधाचे नियम

नवा मासा आणल्यावर तो तीन ते चार आठवडे वेगळा ठेवावा. आठवड्यातून एकदा चौथा हिस्सा पाणी बदलावे. काही मिनिटांत संपेल एवढेच खाद्य द्यावे. धारदार दगड व टोकदार शोभेच्या वस्तू पेटीत ठेवू नयेत, आणि भांडखोर जाती एकत्र करू नयेत. मासा पकडताना जाळीत तडफडू न देता शक्य तर भांड्यात घ्यावा. प्रत्येक पेटीची जाळी स्वतंत्र असावी.

शिक्षकांनी शाळेतील पेटीसाठी एक नोंदवही ठेवल्यास विद्यार्थ्यांना तापमान, पाणी बदलल्याची तारीख व माशांची लक्षणे लिहिण्याची सवय लागेल. रोगाचे कारण शोधताना पशुवैद्यकालाही तीच वही सर्वाधिक उपयोगी पडेल. बचतगटाच्या केंद्रांनी तालुक्याचे पशुधन विकास अधिकारी व जिल्ह्याचे मत्स्यव्यवसाय कार्यालय यांच्याशी आधीपासूनच संपर्क ठेवावा. नागपूरचे महाराष्ट्र पशु व मत्स्य विज्ञान विद्यापीठ, रत्नागिरीचे मत्स्य महाविद्यालय व मुंबईतील केंद्रीय मत्स्य शिक्षण संस्था ही या विषयातील जाणकार केंद्रे होत.

सर्व उपाय करूनही काही वेळा डोळा वाचत नाही. त्यामुळे मासा निकामी झाला असे मात्र समजू नये. गंधज्ञान व अंगावरील संवेदक रेषा यांच्या आधारे एका डोळ्याचा मासा अन्न शोधतो आणि वर्षानुवर्षे जगतो. त्याला नित्य एकाच जागी खाद्य द्यावे व पेटीतील मांडणी बदलू नये. आधी पाणी, मग विलगीकरण, आणि अखेरीस सल्ल्याने व मोजून दिलेले औषध हा क्रम पाळला, तर पेटीतील मासे वाचतील आणि माणसाच्या उपयोगी पडणारी औषधेही आपले सामर्थ्य टिकवून राहतील.